हद्दाद

शारजाच्या साइटवर रोज सकाळी साडेसहाला हजेरीचा कागद माझ्या टेबलावर यायचा. अरबी अक्षरं मी तोवर जेमतेम लावायला शिकलो होतो. अर्थासाठी शेजारी विचारावं लागे. एके दिवशी त्या कागदावर एका शब्दापुढे ४६ हा आकडा दिसला आणि अक्षरं जुळवली तर शब्द निघाला ‘हद्दाद’. शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या जॉर्डनच्या इंजिनिअरांचं आडनाव तेच. मी कागद त्यांच्यापुढे सरकवला आणि विचारलं, ही एवढी तुमच्या घराण्यातली माणसं आपल्याकडे कामाला आहेत?

ते उठले, मला खिडकीशी नेलं आणि समोरच्या इमारतीकडे बोट केलं. सातव्या मजल्याच्या स्लॅबवर माणसं ओणवी होऊन सळयांच्या जाळीला तारेच्या गाठी मारत होती. कुणी बिहारचा, कुणी राजस्थानचा, कुणी बांगलादेशचा. डोक्याला पंचे गुंडाळलेले.

“हद्दाद ते,” ते म्हणाले. “मी नावाचा.”

हद्दाद म्हणजे लोहार. बांधकामावर सळया कापणाऱ्या, वाकवणाऱ्या, बांधणाऱ्या कामगाराला अरबीत ‘हद्दाद मुसल्लह’ म्हणतात. मुसल्लह म्हणजे शस्त्र धारण केलेला, कारण सळया घातलेलं काँक्रीट हे त्यांच्या भाषेत ‘सशस्त्र’ काँक्रीट. शस्त्राला ‘सिलाह’ म्हणतात, आणि त्याच सिलाहपासून आपला शिलेदार झाला, स्वतःचं घोडं आणि हत्यार घेऊन चाकरीला येणारा. मला हे तेव्हा माहीत नव्हतं. मला तेव्हा एवढंच कळलं की ज्या माणसाशेजारी मी दीड वर्ष बसतोय, त्याचं आडनाव आणि माझ्या आजोबांचं आडनाव एकच आहे. आणि ते आडनाव मी लावत नाही.

पण ते पुढे.

हद्दाद माझ्याहून वीसेक वर्षांनी मोठे. शामकडच्या, म्हणजे सीरिया-लेबनॉन-पॅलेस्टाइन-जॉर्डन या पट्ट्यातल्या लोकांची एक रीत मला फार आवडते. काका पुतण्याला हाक मारताना स्वतःचंच नातं त्याला देतो. मी त्यांना ‘अम्मो’ म्हणायचो, काका. आणि तेही मला ‘अम्मो’च म्हणायचे. आई मुलाला ‘मामा’ म्हणते, बाप मुलीला ‘बाबा’ म्हणतो. हाक मारतानाच आपल्या जागेवर समोरच्याला बसवायचं. तर अम्मोंनी पहिल्यांदा माझा ‘ह’ सुधारायला घेतला. अरबीत दोन ‘ह’ आहेत. एक आपल्यासारखा मऊ. दुसरा घशाच्या खालून येतो, घासत. “चश्म्याच्या काचेवर वाफ सोडतोस ना पुसायच्या आधी, तो आवाज,” असं म्हणून त्यांनी स्वतःचा चश्मा काढून तोंडासमोर धरला आणि काच धुरकट केली. हद्दादचा ‘ह’ तो आहे. सीरियातल्या जुन्या वादळदेवाचं नावही हदाद, पण त्याचा ह मऊ. दोन्ही नावं एक समजून लोक गोष्टी रचतात, पण त्यांचा एकमेकांशी काही संबंध नाही.

अरबी शब्द तीन व्यंजनांच्या मुळावर उभे राहतात, आणि एकेका मुळाभोवती मोठा गोतावळा असतो. हद्दादचं मूळ ह-द-द. त्याचा सगळ्यात जवळचा भाऊबंद ‘हदीद’, म्हणजे लोखंड. कुराणातल्या ५७व्या सूराचं नाव हेच. आणि दुसरा भाऊबंद आपल्या घरातलाच आहे: हद्द.

मी ते ऐकलं आणि हातातला चहाचा कप खाली ठेवला. हद्द हा शब्द मला परका कधी वाटलाच नव्हता. गावाची हद्द, महापालिकेची हद्दवाढ, गुंडाची हद्दपारी, भारत-पाक सरहद्द, ‘गुन्हा आमच्या हद्दीत घडला नाही’ म्हणणारं पोलीस ठाणं, बेहद्द खूश झालेला माणूस, आणि वैतागलेल्या आईचं ‘आता मात्र हद्द झाली’. लोखंड आणि हद्द एका मुळाचे कसे? दहाव्या शतकातले कोशकार इब्न फारिस यांनी या मुळाचे दोन अर्थ सांगितले: एक अडवणं, दुसरा वस्तूची कड. शेताची कड ती हद्द. तलवारीची कड, म्हणजे धार, तिलाही हद्दच म्हणतात. टोकदार, तीक्ष्ण असेल त्याला ‘हाद्द’. भूमितीतला लघुकोन अरबीत ‘हाद्द’ कोन. आणि लोखंड हदीद का, तर ते सहजी आत शिरू देत नाही, अडवतं. याच अडवण्यातून जुन्या अरबीत हद्दादचे आणखी दोन अर्थ होते: दारवान आणि तुरुंगाचा पहारेकरी. एक आत येऊ देत नाही, दुसरा बाहेर जाऊ देत नाही.

या गोतावळ्यातला एक शब्द मला सगळ्यात जास्त लागला. हिदाद. नवरा गेल्यावर बाईनं चार महिने दहा दिवस पाळायचा शोक. दागिना नाही, सुगंध नाही, रंगीत कपडा नाही. स्वतःला अडवून धरायचं, म्हणून हिदाद. शब्दाच्या एका टोकाला घण आणि ऐरण, दुसऱ्या टोकाला पांढऱ्या-काळ्या कपड्यात बसलेली बाई. भाषेनं हे दोन्ही एका मुळावर वाढवले.

शब्दाच्या साच्याबद्दलही सांगायला हवं, कारण तो साचा आपल्या तोंडात इतका मुरलाय की दिसेनासा झालाय. मधलं व्यंजन दुप्पट करायचं आणि पुढे लांब ‘आ’ घालायचा. मग तो शब्द ‘तेच काम पुन्हा पुन्हा करणारा’, म्हणजे धंदेवाईक माणूस होतो. हद्दाद तसा झाला. आता आपले शब्द बघा. हम्ल म्हणजे ओझं, ते वाहणारा हम्माल, आपला हमाल. वाट दाखवणारा दल्लाल, आपला दलाल. नाणी पारखून बदलून देणारा सर्राफ, आपला सराफ. इत्र विकणारा अत्तार. कापड विकणारा बझ्झाझ, त्याचा बजाज. तुंबडी लावून रक्त काढणारा हज्जाम, त्याच्या हातात पुढे वस्तरा आला आणि आपण त्या कामाला हजामत म्हणू लागलो. जिल्द म्हणजे कातडी, म्हणून पुस्तकाची जिल्द. आणि कातडी सोलवटेपर्यंत फटके मारणारा तो जल्लाद. बक्काल म्हणजे भाजी-किराणा विकणारा. आपल्या जुन्या कागदांत उदमी-बकाल असा तो आहे, आणि आज मराठीत बकाल म्हणतो ते गलिच्छ, अवकळा आलेल्या वस्तीला. मराठी माणूस दिवसातून दहा वेळा या साच्यातला एखादा तरी शब्द बोलतो. लोहाराचा तेवढा आला नाही, कारण लोहार आपल्याकडे होताच. हत्यारांना चमक देणारा मात्र आला: अरबी ‘सक्ल’ म्हणजे घासून लखलखीत करणं, त्याला फारसी ‘गर’ लागून सैकलगर, आणि आपल्या सांगली-कोल्हापूरकडचं आडनाव शिकलगार.

उलट्या दिशेनंही काही गेलंच होतं. हिंदुस्थानी पोलादाच्या तलवारीला अरब ‘मुहन्नद’ म्हणत, हिंदचं केलेलं. आज ते मुलाचं नाव आहे. आमच्याच साइटवर एक मुहन्नद होता. कैरोच्या जुन्या सिनेगॉगमध्ये ज्यू व्यापाऱ्यांची शेकडो वर्षांची पत्रं सापडली, त्यांत बाराव्या शतकात आपल्या पश्चिम किनाऱ्यावरून एडनला जाणाऱ्या लोखंडाचे हिशेब आहेत. म्हणजे तिकडच्या हद्दादाच्या भट्टीत इकडच्या मातीतलं लोखंड तापलं असणार.

आडनाव म्हणून हद्दाद किती पसरलंय, ते मी हळूहळू बघत गेलो. लेबनॉन, सीरिया, जॉर्डन, पॅलेस्टाइनमध्ये ते ख्रिस्ती घरांत भरपूर आहे. मुसलमानांत आहे. ट्युनिशियाच्या जेर्बा बेटावरच्या ज्यूंमध्ये आहे. ज्या मुलखात नाव ऐकताच माणसाचा धर्म कळतो, तिथे हे नाव एवढंच सांगतं की तुझ्या कुठल्यातरी पूर्वजाच्या दारात भट्टी होती. जळता निखारा ओळखायला धर्म लागत नाही.

ब्राझीलमध्ये तर हे नाव अर्थमंत्र्यांपर्यंत पोचलं. फेर्नांदो हद्दाद २०१३ ते २०१६ साओ पाउलोचे महापौर होते, २०१८ला राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढले, २०२३ला अर्थमंत्री झाले. त्यांचे वडील लेबनॉनमधून गेलेले. पण पोर्तुगीजमध्ये सुरुवातीचा एच बोलत नाहीत. त्यामुळे अम्मोंनी मला काचेवर वाफ सोडून शिकवलेला तो घशातला ह समुद्रापलीकडे पूर्ण विरून गेलाय.

हद्दाद नावाची दोन जुनी माणसं मला विशेष जवळची वाटतात. पहिला नवव्या शतकातला निशापूरचा सूफी अबू हफ्स. तो खरोखरीचा लोहार. त्याची कथा अशी सांगतात की दुकानात काम चाललेलं असताना बाजारातून एक आंधळा कुराणाच्या ओळी म्हणत गेला. अबू हफ्सचं भान हरपलं आणि त्यानं सांडशी न घेता भट्टीत हात घालून लाल लोखंड बाहेर काढलं. हाताखालचा पोऱ्या किंचाळला तेव्हा त्याला कळलं. त्या दिवशी त्यानं धंदा सोडला. पुढे तो म्हणे, मी काम अनेकदा सोडलं आणि परत धरलं. मग कामानंच मला सोडलं.

दुसरे येमेनच्या हद्रमौतमधल्या तरीम गावचे इमाम अब्दुल्ला अल-हद्दाद. १६३४ ते १७२०. लहानपणी देवीच्या आजारात दृष्टी गेली. तरी त्यांनी रचलेला ‘रातिब’ हा प्रार्थनापाठ आजही हद्रमी लोक जगभर म्हणतात. यांच्या घराण्यात लोहार कुणीच नव्हतं. त्यांचा एक पूर्वज लोहाराच्या दुकानात जाऊन बसत असे, म्हणून त्याला हद्दाद म्हणू लागले आणि तेच नाव पुढच्या पिढ्यांना लागलं. पैगंबरांच्या वंशातलं, सय्यद घराणं. त्यांनी लोहाराच्या दुकानाचं नाव अंगाखांद्यावर घेतलं आणि पिढ्यान्‌पिढ्या अदबीनं वागवलं. याच हद्रमौतचे शिपाई निजामाच्या फौजेत आले आणि हैदराबादेत, आपल्या मराठवाड्यात राहिले. नांदेड-परभणीकडे चाऊस आडनाव भेटतं ते त्यांचंच. पेशव्यांच्या पदरीही अरब होते. १८१८ला मालेगावच्या किल्ल्यात इंग्रजांशी शेवटपर्यंत झुंजले ते अरबच.

हे सगळं छान छान वाटेल, पण लोहाराला अरबस्तानात सगळीकडे मान होता असं मुळीच नाही. वाळवंटातल्या टोळ्या कारागिराला कमी लेखत. मध्य अरबस्तानातल्या नज्दच्या भटक्या बदाऊंमध्ये लोहारकाम करणाऱ्यांशी बेटीव्यवहार करत नसत. लोहाराला जुना अरबी शब्द आहे ‘कैन’, आणि तो शिवीसारखा वापरला जाई. उमय्या खलिफांच्या काळात जरीर आणि फरज्दक या दोन कवींचं पद्यातलं भांडण आयुष्यभर चाललं, त्यात जरीर पुन्हा पुन्हा फरज्दकला ‘कैनाचा पोर’ म्हणून हिणवतो. आणि याच संस्कृतीत दाऊद पैगंबरासाठी देवानं लोखंड मऊ केलं, त्यानं कड्यांची चिलखतं घडवली, असं कुराण सांगतं. एकाच हाताला पैगंबराचा हात म्हणायचं आणि त्याच हातचं पाणीही नको. हे मला कुणी समजावून सांगायची गरज नव्हती.

माझे आजोबा, आबा, साताऱ्याकडे माण तालुक्यात लोहार. बारा बलुतेदारांतले. मृगाच्या आधीचे पंधरा दिवस आमच्या दारात फाळ घेऊन आलेल्यांची रांग लागायची. झिजलेला फाळ शेवटून द्यायचा, म्हणजे तापवून, ठोकून त्याला पुन्हा टोक काढायचं. मोबदला सुगीत, खळ्यावर, धान्यात. मी भात्याची साखळी ओढायला बसायचो. ठोकणं कुणालाही जमेल, असं आबा म्हणायचे. खरं काम पाणी द्यायचं. लाल झालेल्या फाळाचं फक्त टोक पाण्यात बुडवून ते लगेच बाहेर काढत, दगडावर दोनदा घासून चकचकीत करत आणि मग काहीही न करता बघत बसत. मागे राहिलेली धग टोकाकडे सरकू लागे आणि तिच्यापुढे रंग सरकत येई: आधी वाळल्या गवतासारखा पिवळा, मग तांबूस, मग जांभळा. हवा तो रंग टोकाशी आला की पुन्हा चर्रकन पाण्यात. क्षणभर आधी बुडवला तर फाळ ठिसूळ, पहिल्या दगडाला तुटणार. क्षणभर उशीर झाला तर मऊ, वाकणार. आबांना अक्षर येत नव्हतं. तो रंग मात्र त्यांनी कधी चुकवला नाही.

माझ्या वडलांना शाळेत ‘ए लोहाराच्या’ अशी हाक होती. पाण्याच्या माठाजवळ त्यांना वेगळं उभं करत. सातवी झाल्यावर दुसऱ्या गावी हायस्कुलात नाव घालताना एका मास्तरांनी, भल्या मनानंच, सुचवलं की गावाच्या नावाला ‘कर’ लावून आडनाव घे, पुढे नोकरीला बरं पडेल. दाखल्यावर तेच लागलं. आबांना ते कळलं तेव्हा ते काही बोलले नाहीत असं आई सांगते. त्या दिवशी भट्टी पेटली नाही, एवढंच. मी जन्मलो तो त्या नव्या आडनावानं. आबांची भट्टी तोवर चालूच होती.

अम्मोंचं उलटं. ते रामल्लाचे. (‘राम’ म्हणजे तिथल्या जुन्या भाषेत उंचवटा, आपल्या रामाशी त्याचं नातं नाही.) १९६७च्या युद्धात त्यांचे वडील अम्मानला आले. रामल्ला वसल्याची कथा ते अशी सांगत: सोळाव्या शतकात आजच्या जॉर्डनच्या दक्षिणेला शौबक भागात रशीद अल-हद्दादीन नावाचा ख्रिस्ती म्होरक्या राहायचा. कुटुंबात मुलगी जन्मली. घरी आलेल्या एका मुसलमान सरदारानं तिला आपल्या मुलासाठी मागितलं. घरच्यांनी पाहुण्याचं मन राखायला ‘तुमचीच आहे’ म्हटलं, थट्टेत. मुलगी वयात आली तेव्हा सरदार शब्द मागायला आला. रात्रीत बिऱ्हाड हललं, मृत समुद्राला वळसा घालून ते लोक जेरुसलेमच्या उत्तरेच्या डोंगरावर पोचले. तिथं झाडी होती. झाडी म्हणजे लाकूड, लाकूड म्हणजे कोळसा, कोळसा म्हणजे भट्टी. रशीद तिथेच थांबला. त्याच्या पाच मुलांपासून गावाची मूळ घराणी झाली.

“आता तिथे झाडी आहे?” मी विचारलं.

“इमारती आहेत. आपण बांधतो तशा.”

त्यांच्या घरात आठवतात तेवढ्या पिढ्यांत कुणी घण उचललेला नव्हता. आजोबा शिंपीकाम करायचे, वडील शिक्षक. तरी नाव हद्दादच. कुणी विचारलं की ते पूर्ण घसा उघडून, दोन्ही ‘द’ ठासून सांगत. माझ्या वडलांच्या बापाचे हात त्याच वेळी भट्टीत होते आणि वडील कागदावरून ते नाव पुसत होते. मी हे त्यांना सांगितलं. साइटवर दुपारच्या सुट्टीची वेळ होती, उन्हाळ्यात तिथे साडेबारा ते तीन उघड्यावरचं काम कायद्यानं बंद असतं, त्यामुळे चहूकडे शांतता. त्यांनी सगळं ऐकलं. मग विचारलं, “तुमच्या भाषेत हद्दादला काय म्हणतात?”

“लोहार.”

त्यांनी माझ्याच हजेरीच्या कागदाच्या मागे ते अरबीत लिहायला घेतलं आणि ‘ह’शी थांबले. “कुठला?” त्यांनी दोन्ही उच्चारून दाखवले. मऊ, मी म्हणालो. त्यांनी लिहिलं, उजवीकडून डावीकडे, माझं, मी कधीच न लावलेलं आडनाव.

“आणि त्यांची ऐरण कुठे आहे?”

मला माहीत नव्हतं. संध्याकाळी वडलांना फोन लावला. वडील आता त्र्याऐंशी वर्षांचे, गावीच राहतात. मी ऐरणीबद्दल विचारलं तर पलीकडून बराच वेळ फक्त पंख्याचा आवाज आला. मग म्हणाले, “आहे की. कुठं जाणार? पडवीत. तिच्यावर मी रोज सुपारी फोडतो.”

दुसऱ्या दिवशी पुतण्याकडून त्यांनी फोटो पाठवला. बाभळीच्या ओंडक्यात रुतवलेली ऐरण, शेजारी वडलांचा अडकित्ता आणि धोतराची कड. मी मोबाइल अम्मोंच्या हातात दिला. त्यांनी चश्मा काढला, काचेवर वाफ सोडली, शर्टाच्या टोकानं पुसला आणि परत लावला. मग दोन बोटांनी फोटो मोठा करत करत ऐरणीच्या मधोमध नेला. तिथे हाताच्या तळव्यासारखा खोलगट भाग आहे, ठोकून ठोकून झिजलेला.

“सिंदान,” ते म्हणाले.

“ऐरण,” मी म्हणालो.

त्यांनी तो शब्द दोनदा म्हणून बघितला. ‘ण’ त्यांना जमेना. मी जीभ मागे वळवून, टाळूला लावून दाखवली.